मोडलेली लेखणी

जें घडलें तें इतिहासकारानें सांगावें आणि जें घडूं शकेल तें कवीनें सांगावें, असा भेद ॲरिस्टॉटलनें आपल्या काव्यशास्त्रांत केला आहे. विद्यार्थ्यांना तो समजावून देण्यांत माझीं पंचवीस वर्षें गेलीं. परंतु जें घडून गेलें आहे तेंच बदलण्याचें सामर्थ्य एखाद्याच्या हातीं आलें, तर त्यानें काय करावें, हा प्रश्न त्या भेदांत बसत नाहीं. तो मला अगदीं अनपेक्षित स्थळीं भेटला.

माझ्या मुलीच्या आग्रहानें मीं 'वन्स अपॉन अ टाइम' ही अमेरिकन दूरचित्रवाणी-मालिका पाहिली. २०११ पासून २०१८ पर्यंत सात पर्वांत ती दाखविली गेली. परीकथांतील पात्रें तींत निरनिराळ्या विश्वांत राहतात. एका विश्वांतून दुसऱ्या विश्वांत जाण्याच्या वाटा आहेत. आणि या साऱ्या विश्वांच्या कथा एका मंतरलेल्या लेखणीनें लिहिल्या जातात. ही लेखणी ज्याला मिळते त्याचें काम साक्षीदाराचें: पाहावें आणि नोंदवावें. पण तिच्यांत एक दुसरीहि शक्ति आहे. तिनें जें लिहावें तें घडतें.

ती एकदां ऐझॅक नांवाच्या माणसाला मिळते. दूरचित्रवाणीचे संच विकून पोट भरणाऱ्या या अयशस्वी लेखकाला नुसतें साक्षी राहणें रुचत नाहीं. तो लोकांचीं आयुष्यें आपल्याला हवीं तशीं वळवूं लागतो. त्याच्या एका कृत्यानें मात्र मला विचारांत पाडलें. क्रुएला ही क्रूर स्त्री त्याच्या प्रेमाचा विश्वासघात करते, तेव्हां तो एका वाक्यानें दुसऱ्याचा प्राण घेण्याची तिची शक्तिच काढून घेतो. वरवर पाहतां हें लोकहिताचें कृत्य वाटेल. परंतु तिचा हात बांधला गेला, मन होतें तसेंच राहिलें. जिला हत्या करतांच येत नाहीं, तिनें हत्या केली नाहीं यांत पुण्य कोणतें? सद्गुण दुसऱ्याला लिहून देतां येत नाहीं. तो ज्याचा त्यानेंच मिळवावा लागतो.

पुढें ही लेखणी हेन्री नांवाच्या शाळकरी मुलाच्या हातीं येते. ऐझॅकनें सज्जन-दुर्जनांच्या नशिबांची केलेली उलथापालथ तो एका वाक्यानें रद्द करतो. ज्या आईनें त्याला वाढविलें तिचें रक्त हीच त्या वाक्याची शाई असते. मग साहजिकच त्याच्या मनांत येतें, कीं आपल्या मेलेल्या बापालाहि आतां परत आणावें. आणि तो ती लेखणी मोडून टाकतो. २०१५ मध्यें चौथें पर्व संपलें, तें या प्रसंगाच्या आसपास.

माझ्या मुलीला हें पटलें नाहीं. "बाबा, आधीं वडिलांना परत आणायचं, आणि मग मोडायची!" असें ती म्हणाली. हा प्रश्न पोरकट नाहीं. एकाचें भलें होत असून दुसऱ्या कोणाचेंच नुकसान होत नसेल, तर जादूला आक्षेप कां घ्यावा? माझें उत्तर असें कीं, नुकसान होतें तें त्या बापाचेंच. आपल्या माणसांच्या रक्षणासाठीं, परिणाम जाणून, त्यानें मरण पत्करलें होतें. त्याला जिवंत करणें म्हणजे त्याच्या आयुष्यांतील सर्वांत मोठी कृति खोडून टाकणें होय. कादंबरीकारानें आपलें पात्र मारावें किंवा तारावें. तें त्याच्याच मनांतून निघालेलें असतें. परंतु जो मनुष्य आपल्या कल्पनेच्या बाहेर, स्वतःच्या बळावर जगला आणि मेला, त्याच्या जीवितावर लेखणी चालविण्याचा अधिकार प्रेमालाहि नाहीं.

आपल्या व्यासांनीं हा मोह कसा सांभाळला, तें महाभारताच्या आश्रमवासिक पर्वांत दिसतें. रणांत पडले ते त्यांचेच नातू-पणतू. शोकानें व्याकुळ झालेल्या धृतराष्ट्र-गांधारीसाठीं ते मेलेल्या वीरांना गंगेंतून एका रात्रीपुरतें वर आणतात. रात्र सरते, आणि ते सर्व परत जातात. व्यासांनीं सांत्वन दिलें, पण घडलेलें तसेंच ठेवलें.

हें सारें मुलीला सांगतां सांगतां मी मध्येंच थांबलों. कारण तशी लेखणी मीं एकदां वापरली आहे. बारा वर्षांपूर्वीं आमचे वडील, नाना, वारले. थोरल्या भावाशीं त्यांनीं नऊ वर्षें अबोला धरला होता, आणि अखेरच्या दिवसांतहि त्यांनीं त्याचें नांव घेतलें नाहीं. वर्षश्राद्धाच्या निमित्तानें छापलेल्या स्मरणपुस्तिकेंत मीं लिहिलें, कीं शेवटच्या रात्रीं नानांना दादाची आठवण झाली. त्या रात्रीं उशाशीं मी एकटाच होतों. तें खोटें ठरविणारा कोणी नव्हता. दादा तें वाचून लहान मुलासारखा रडला. आपण पुण्य केलें, असें मला वाटलें. परंतु तेव्हांपासून दर श्राद्धाला, पानें उठल्यावर, तो मला बाजूला घेऊन विचारतो, "नाना आणखी काय म्हणाले रे?" आणि दर वर्षीं मला एक नवें वाक्य रचावें लागतें.

नाना होते त्याहून मीं त्यांना मवाळ केलें. त्यांचा हट्ट वाईट असेल, पण तो त्यांचा होता. दादाचेंहि खरें दुःख मीं काढून घेतलें. त्याला नानांवर रागवायचें असेल, त्यांना क्षमा करायची असेल, तर ती कोणाला करावी? माझ्या वाक्यांना?

मालिकेंत ती मोडलेली लेखणी पुढच्या पर्वांत, मृतांच्या लोकांत, पुन्हां हेन्रीच्या हातीं लागते. मोह एकदांच मोडून भागत नाहीं, असें त्यावरून मी समजतों. माझें वाक्य छापलेलें आहे. तें मोडतां येत नाहीं. नवें वाक्य न रचणें मात्र माझ्या हातीं आहे. हें मासिक दादाच्या घरीं नियमानें जातें. हा अंक तेथें पोंचण्यापूर्वीं मला त्याच्याकडे जाऊन आलें पाहिजे.