विद्येचें ऋण

मुलाला वैद्यकीय महाविद्यालयांत जागा मिळाली कीं मुलुंड-बोरिवलीकडील मध्यमवर्गीय कुटुंबांत जो आनंद होतो, तो केवळ द्रव्यलाभाच्या आशेचा नसतो. आपल्या घरांतून लोकांच्या उपयोगी पडणारा एक मनुष्य निर्माण होत आहे, ही भावनाहि त्यांत असते. अशा मुलानें पुढें शस्त्र खालीं ठेवून तोंडाला रंग लावला, तर त्यास दोष द्यावा काय? डॉ. श्रीराम लागू (१९२७–२०१९) यांच्या चरित्राकडे पाहतां हा प्रश्न टाळतां येत नाहीं.

पुण्याच्या बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयांत शिकलेले, कान-नाक-घशाचे शस्त्रवैद्य म्हणून पुण्यांत आणि टांझानियांतील टाबोरा येथें काम केलेले हे गृहस्थ १९६९ सालीं, चाळिशी उलटल्यावर, 'इथे ओशाळला मृत्यू' या नाटकापासून पूर्ण वेळ नट झाले. पुढल्याच वर्षीं 'नटसम्राट' आलें, १९७२ मध्यें 'पिंजरा' हा चित्रपट आला, आणि शस्त्रवैद्य लागू लोकांच्या विस्मृतींत गेले.

त्यांच्या बाजूनें असें म्हणण्यांत येतें कीं, शस्त्रक्रिया दुसरा कोणीहि करील, पण गणपतराव बेलवलकर दुसऱ्या कोणास साधला असता? हें समर्थन आम्हांस लंगडें वाटतें. बेलवलकर पुढें दत्ता भटांनींहि केला. उलट टाबोऱ्यासारख्या ठिकाणचा तज्ज्ञ निघून गेला तर त्याच्या जागीं लगेच दुसरा येतो, असें मानणें हा शहरवासीयांचा भ्रम होय. नुकसान होतें, आणि तें होत नाहीं असें म्हणून नटाचें माहात्म्य वाढविण्याचें कारण नाहीं.

तथापि आक्षेपकांचा न्यायहि विचित्रच. स्वीडिश नट मॅक्स फॉन सिडो (१९२९–२०२०) हे तरुणपणींच स्टॉकहोमच्या नाट्यशाळेंत शिकून रंगभूमीवर व पुढें पडद्यावर आले. समाजाचें तुम्ही काय देणें लागतां, असें त्यांस कोणी विचारलें नाहीं. म्हणजे लोकोपयोगी विद्या ज्यानें कधीं घेतलीच नाहीं तो मोकळा, आणि जो कित्येक वर्षें रोग्यांच्या उपयोगीं पडला तो मात्र अपराधी!

दोन्ही कामें कां केलीं नाहींत, असेंहि कोणी म्हणेल. डॉ. मोहन आगाशे यांनीं मनोविकारशास्त्राचें अध्यापन आणि अभिनय दोन्हीं सांभाळलीं. पण शस्त्रवैद्याची गोष्ट निराळी. रात्रीं नागपुरास प्रयोग करून सकाळीं पुण्यास शस्त्र धरणाऱ्यापेक्षां धंदा सोडून गेलेला वैद्य बरा, असें निदान मेजावर निजलेला रोगी तरी म्हणेल.

समाज विद्या देतो तेव्हां माणसाचें सारें आयुष्य गहाण लिहून घेत नाहीं. लागूंनीं त्या विद्येचें फळ आधीं लोकांस दिलें, म्हणून आम्ही त्यांस मोकळे समजतों. मात्र एकहि रोगी न तपासतां, सरकारी खर्चानें मिळालेली पदवी गुंडाळून ठेवणारा तेविशीचा मुलगा पुढें येऊन उभा राहिला, तर इतक्या सहज आम्ही त्यास जाऊं देणार नाहीं. त्या जागेवर बसूं न शकलेला दुसरा मुलगा आम्हांस दिसूं लागेल.