आधी हवा सोड

मृगाच्या पहिल्या सरीनं रस्ता नुसता ओला केला होता. रेल्वे फाटकाच्या रुळांवरून येताना दादाची स्कूटर मागून सरकली. पडला नाही; पाय टेकवून सावरला. घरी येऊन त्यानं मागच्या टायरवर अंगठा फिरवला आणि एवढंच म्हणाला, 'गोटा झालाय.'

स्कूटर वडिलांची. बजाज चेतक. १९७२ साली ही गाडी आली आणि पुढं कित्येक वर्षं तिच्यासाठी नंबर लावून वाट पाहावी लागे. आमच्या वडिलांनीही तशीच वाट पाहून ती आमच्या गावी, पूर्णेत आणली. राणाप्रतापाच्या घोड्याचं नाव असलेलं हे जनावर चालू करायला मात्र एका बाजूला कलतं करावं लागायचं. वडील जाऊन दोन वर्षं झाली, तरी स्कूटर ओसरीत आहे, आणि दादा रोज तिच्यावर बाजारात जातो.

मी पुण्याहून तीन दिवसांसाठी आलो होतो. कामासाठीच आलो होतो, पण ते काम टायरचं नव्हतं. पिशवीत वकिलाकडून आणलेला वाटणीपत्राचा मसुदा होता. दोन दिवस गेले तरी तो बाहेर निघाला नव्हता. दादा जेवायला बसला की वाटायचं, जेवताना नको. झोपायला गेला की वाटायचं, आता नको. म्हणून तिसऱ्या दिवशी सकाळी मीच म्हणालो, 'टायर मी बदलतो.' हातांना काम मिळालं की तोंडाला गप्प राहता येतं.

पूर्णेत पंक्चरवाल्यांची वाण नाही. पण या जुन्या स्कूटरचं चाक घरीच उघडावं असं वडिलांचं म्हणणं असे, आणि तिची घडणही तशीच आहे. आजच्या स्कूटरची रिम एकसंध असते, टायर ट्यूबलेस; तो काढायला दुकानातलं यंत्रच बरं. चेतकच्या चाकाची रिम मात्र दोन भागांची. दोन ताटल्या बुडाला बूड लावून ठेवाव्यात आणि नटबोल्टांनी आवळाव्यात, तशी. ते नट काढले की रिम दोन्हीकडं सुटते आणि टायर आपसूक हातात येतो. पहारी नकोत, हातोडा नको. एक बॉक्स पाना आणि अर्धा तास पुरे. ज्यानं हे चाक घडवलं त्यानं मालकाच्या हातावर भरवसा ठेवला होता.

पेट्रोलचा कॉक बंद केला. गाडी उभी असतानाच चाकाचे नट थोडे सैल करून घेतले, म्हणजे नंतर चाक फिरत नाही. मग इंजिनाच्या बाजूला पोत्याची घडी टाकून गाडी तिच्यावर कलती केली. चाक निघालं. ते फरशीवर आडवं ठेवलं, आणि रिम जोडणाऱ्या नटावर पाना लावला.

'काय करायलास?' दादाचा आवाज आला. तो ओट्यावर शेंगा फोडत बसला होता. 'आधी हवा सोड.'

'बसलंच आहे की चाक.'

'बसल्यासारखं दिसतंय. आत हाय.'

तो उठला, काडीपेटीतली एक काडी घेतली आणि व्हॉल्व्हच्या पिनवर टेकवली. फुस्स करून जी हवा निघाली, ती थांबायचं नाव घेईना. मी पाहत राहिलो. एवढा वेळ चाकात काही नाही असं धरून मी बसलो होतो, आणि आत इतकं भरलेलं होतं.

स्कूटरच्या मागच्या चाकात आपण पंचवीस-तीस हवा मारतो. म्हणजे दर चौरस इंचावर तेवढ्या पौंडांचा रेटा. अंगठ्याएवढ्या जागेवर बारा-तेरा किलो. सगळ्या चाकावर मिळून किती, त्याचा हिशेब शेवटच्या नटाला करावा लागतो. हवा न सोडता रिम उघडायला घेतली तर पहिले नट निमूट निघतात. उरलेले सगळा ताण आपल्या आट्यांवर घेतात. शेवटचा आटा सुटला की रिमची ताटली उसळते, आणि उघडणारा माणूस नेमका तिच्यावर वाकलेला असतो.

वडिलांना हे सांगावं लागलं नसतं. ते लोको शेडमध्ये होते, आणि त्यांचं टायर लोखंडाचं होतं. रेल्वेच्या चाकालाही टायर असतं, हे लहानपणी त्यांच्याकडून ऐकलं तेव्हा आम्ही हसलो होतो. ते सांगत: लोखंडाचं कडं तापवायचं, तापलं की फुगतं, फुगलं की चाकावर चढवायचं, मग थंड होता होता ते असं आवळतं की खिळा लागत नाही, बोल्ट लागत नाही. बैलगाडीच्या लाकडी चाकालाही लोहार याच रीतीनं लोखंडी पट्टी चढवायचा. भट्टीत लाल केलेलं कडं सांडशीनं उचलून चाकावर बसवायचं, लाकूड धुरकटायला लागलं की वरून पाणी ओतायचं, चर्र आवाज व्हायचा, आणि आरे, तुंबा, पुठ्ठे सगळे एकमेकांत गच्च बसायचे. त्या पट्टीला आपल्याकडं धाव म्हणतात. जमिनीला लागते ती धाव. चाकाच्या त्या भागाला याहून नेमकं नाव कुठल्या भाषेनं दिलं असेल असं वाटत नाही.

लोखंडाची धाव आणि रबराचा टायर, दोन्ही जमिनीला लागण्यासाठीच. घट्ट राहण्याची रीत मात्र निराळी. धाव थंड होऊन घट्ट होते, आणि एकदा बसली की काढायला पुन्हा लोहाराचीच पायरी चढावी लागते. टायर हवेनं घट्ट राहतो. १८८८ मध्ये बेलफास्टच्या डनलॉप नावाच्या गुरांच्या डॉक्टरानं मुलाच्या तीनचाकी सायकलला हवा भरलेली रबरी नळी गुंडाळली, तेव्हापासून जगातली बहुतेक चाकं या न दिसणाऱ्या गोष्टीवर उभी आहेत. हवेवरच्या घट्टपणात एक सोय आहे: तो काडीएवढ्या भोकातून सोडवता येतो. पण ते भोक आपणच उघडावं लागतं, आणि नटाला पाना लावण्याआधी उघडावं लागतं.

मनात आलं, घरातल्या घट्ट होऊन बसलेल्या गोष्टी यांतल्या कुठल्या जातीच्या असतात? आपल्याला वाटतं, त्या धावेसारख्या आहेत. आगीत घातल्याशिवाय निघायच्या नाहीत. म्हणून आपण आगीची तयारी करून येतो. वकील गाठतो, वाक्यं पाठ करतो. उघडून पाहिलं तर बहुतेकींत नुसती हवा असते. कुणी कधी काय म्हणालं, कुणी विचारलं नाही, कुणाच्या लग्नात कोण शेवटच्या पंगतीला बसलं. अशी हवा बाहेरून दिसत नाही. चाक बसलेलंच दिसतं.

मराठीत 'हवा काढणं' आणि 'हवा सोडणं' ही दोन वेगळी कामं आहेत. हवा काढतात ती दुसऱ्याची. भरल्या बैठकीत एखाद्याची हवा काढली की काढणाऱ्यालाच वर थोडी भरल्यासारखी वाटते. हवा सोडायची असते ती आपल्या चाकाची. पहिल्या कामात आपण सगळेच पटाईत. दुसऱ्या कामासाठी कुणीतरी ओट्यावरून हाक मारावी लागते.

चाकातली हवा संपली. पाना लावला. नट निमूट निघाले आणि रिमचे दोन भाग काही न बोलता वेगळे झाले.

जुना टायर हातात घेतला. मधला पट्टा सपाट, कडेला तेवढी थोडी नक्षी उरलेली. टायरच्या चरीत तळाशी बारीक उंचवटे असतात. झीज तिथवर आली की टायर बदलायचा, अशी ती खूण. दुचाकीच्या नक्षीला कायदा किमान ०.८ मिलिमीटर खोली मागतो. इथं उंचवटे केव्हाच पुसले गेले होते. मागचा टायर नेहमी आधी जातो. इंजिनाची ओढ त्याच्यावर, बसणाऱ्यांचं वजन त्याच्यावर, आणि पूर्णा ते परभणी रस्त्यावरचे खड्डेही मुख्यतः त्याच्याच वाट्याला.

'नवा आणायची काय गरज होती?' दादा म्हणाला. 'स्टेपनी हाय की. एकदाही लावली नाही.'

खरंच होतं. चेतकची पुढची, मागची आणि जादा, तिन्ही चाकं एकसारखी. कुठलंही कुठंही बसतं. स्टेपनी हा शब्दही गमतीचा. १९०४ च्या सुमाराला वेल्समधल्या लानेली गावी जादा चाक विकणारा एक कारखाना निघाला. तो स्टेपनी नावाच्या रस्त्यावरचा. त्या काळी मोटारींना जादा चाक नसेच. रस्त्याचं नाव चाकाला चिकटलं आणि सातासमुद्रापार येऊन मराठीत असं मुरलं, की आता ते आपलंच वाटतं.

मी स्टेपनीवरचं रेक्झिनचं कव्हर काढलं. नक्षी कोरी. एक कंगोराही झिजलेला नाही. पण बाजूला वाकवून पाहिलं, तर रबरावर भेगांचं जाळं. पूर्णेची बारा-पंधरा उन्हं तिनं मागं टांगल्या टांगल्या पाहिली होती. टायरच्या अंगावर चार आकड्यांत तो कुठल्या आठवड्यात, कुठल्या वर्षी तयार झाला ते छापलेलं असतं. ते वाचलं आणि गप्प बसलो. रबर जुनं व्हायला रस्त्याची गरज नसते. धावणारं झिजतं, टांगलेलं तडकतं.

झिजण्याचं आपल्याला फार कौतुक. पण ते चंदनाच्या झिजण्याचं, कारण ते कुणाच्या तरी कपाळाला लागतं आणि वास मागं ठेवतं. टायर झिजतो तो रस्त्यात जातो. त्याचा गंध कुणी लावत नाही. तो गोटा झाला, घसरला, की उलट त्यालाच बोल.

आणि त्या ओसरीत, तडकलेली स्टेपनी मांडीवर घेऊन बसलेलो असताना, मला आमच्या घराचा हिशेब पहिल्यांदा वेगळा दिसला. वडिलांच्या शेवटच्या चार वर्षांत त्यांना नांदेडच्या दवाखान्यात नेणारा, आणणारा दादा. अकोल्याकडची मीटर गेज जाऊन २००८ मध्ये मोठी लाइन आली. वडिलांना ओळखीचं वाटणारं स्टेशन बदलून गेलं, तेव्हा रोज संध्याकाळी त्यांना याच स्कूटरवर बसवून फलाटापर्यंत फिरवून आणणारा दादा. पावसाळ्याआधी माळवदावर चढणारा दादा. मी पुण्यात होतो. नक्षी शाबूत होती. पैसे पाठवत होतो, सणाला येत होतो, आणि मनात मोजत होतो, की दोन भाग सारखे व्हायला हवेत. तिन्ही चाकं एका मापाची असतात हे खरंच. पण तिन्ही सारखी चाललेली नसतात.

नवा टायर ३.५०-१० मापाचा, नांदेडहून पॅसेंजरमध्ये मांडीवर ठेवून आणलेला. ट्यूबला शंखजिऱ्याची पूड चोळली. दादानं बाण दाखवला. टायरवर फिरण्याची दिशा दिलेली असते, तसाच तो बसवायचा. ट्यूबमध्ये आधी थोडीशी हवा भरली. अगदी रिकामी ट्यूब रिमच्या सांध्यात चिमटते, आणि मग सगळं काम पहिल्यापासून. म्हणजे हवा अजिबात नको असंही नाही. आकार धरण्यापुरती हवीच. माणसालाही तेवढी लागते.

रिमचे भाग जुळवले. नट समोरासमोरचे घेत, थोडे थोडे आवळले. एकच एकदम आवळला तर ताटली तिरकी बसते. मग सायकलचा पंप. मी दमलो तेव्हा दादानं घेतला, तो दमला तेव्हा मी. टायर हळूहळू कडेला सरकत जाऊन रिमवर टप्पकन बसला. चाक चढवलं, गाडी उभी केली. एका बाजूला कलती केली, किक मारली. तिसऱ्या किकला चेतक जागी झाली आणि गल्लीभर निळसर धूर झाला.

शेजारचा पोरगा जुना टायर मागायला आला. एक काठी घेऊन तो त्याला हाकत गल्लीच्या टोकापर्यंत पळत गेला. नक्षी नसलेला टायर काठीपुढं सुरेख पळतो. स्टेपनी दादानं पत्र्यावर टाकली. वादळात पत्रा उडू नये म्हणून वर वजन लागतंच.

दोघांनी हौदावर हात धुतले. वहिनीनं चहा आणला. दादानं बशीत ओतला, एक फुरका मारला आणि माझ्याकडं न बघता म्हणाला, 'पिशवीत कागद आणलेत ना वकिलाचे? काढ बरं. बघू.'

त्याला पहिल्या दिवसापासून माहीत होतं.

मी पिशवी उघडली. पुण्याहून येताना पाठ केलेलं पहिलं वाक्य आठवायला लागलो. आठवेना. बरं झालं.