कात्री कुणाच्या हातात?

(बहरीनमधलं सित्रा. रिफायनरीतल्या नोकरीमुळे इथे स्थिरावलेला धाकटा भाऊ आणि पुण्याहून आलेली ताई. समोर दिवंगत वडिलांच्या माहितीपटांचे डबे.)

ताई : व्हिनेगरचा वास येतोय. ॲसिटेट फिल्मला उष्मा आणि दमट हवा मिळाली की आम्ल सुटतं, आणि तेच आम्ल सडण्याचा वेग वाढवतं. शेजारच्या डब्यांनाही लागण होते. इथे उन्हाळ्यात पारा चाळिशीपार आणि चहूकडे समुद्र.

भाऊ : म्हणूनच स्कॅन करून घेऊ. फक्त गावातल्या त्या पाणक्याची टिंगल केलेला प्रसंग काढायचा. बाबाच म्हणायचे, तेवढं कापून टाका.

ताई : म्हणायचे, पण कापलं नाही. कात्री त्यांच्याच हातात होती.

भाऊ : हात थरथरायचे गं त्यांचे. आणि फाळक्यांनी 1913 चा ‘राजा हरिश्चंद्र’ 1917 मध्ये पुन्हा केलाच की! कलावंताला तेवढा हक्क असतो.

ताई : कलावंताला. वारसाला कुठला? आणि त्याचा परिणामही बघ. चारांपैकी पहिलं आणि शेवटचं रीळ उरलं, तर काही अभ्यासक म्हणतात, ही 1917 चीच. मूळ कोणतं, यावरच वाद.

भाऊ : तो इतिहास झाला. उद्या पाणक्याचा तेवढाच तुकडा मोबाइलवर फिरला, तर लोकांच्या लेखी बाबा म्हणजे ती तीन मिनिटं!

ताई : भीती खरी आहे. पण ‘हरिश्चंद्र’मध्ये तारामती झाले अण्णा साळुंके, कारण बायका कॅमेऱ्यासमोर यायला तयार नव्हत्या. 1919 च्या ‘कालिया मर्दन’मध्ये फाळक्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली. पहिल्याची लाज वाटून कुणी कात्री लावली असती, तर सहा वर्षांत माणूस कुठून कुठे आला हे दिसलं असतं का? बाबांचा पश्चात्तापही त्या प्रसंगाशिवाय कळायचा नाही.

भाऊ : सगळं बाबांभोवतीच फिरतंय. त्या पाणक्याला कुणी विचारलं होतं? त्याची नातवंडं आजही गावात आहेत.

(ताई थोडा वेळ गप्प.)

ताई : हे मी धरलंच नव्हतं. चित्रपटाचा कॉपीराइट भारतात प्रदर्शनानंतर 60 वर्षं असतो, मग तो सगळ्यांचा होतो. त्या माणसाचा चेहरा मात्र कधीच आपला नव्हता.

भाऊ : मग कापायचं?

ताई : जपणं आणि दाखवणं ही दोन वेगळी कामं आहेत. अख्खी फिल्म स्कॅन करू आणि मूळ डबे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने घ्यावेत म्हणून विचारू. जाहीर खेळाआधी त्या नातवंडांच्या घरी जाऊ. ते नको म्हणाले, तर तो प्रसंग दाखवायचा नाही. आणि काय वगळलं, का वगळलं, हे सुरुवातीलाच लिहायचं.

भाऊ : तरी बाबांचा शब्द मोडलाच की.

ताई : मोडला. तेही लिहायचं, आपल्या दोघांच्या नावानिशी.