पहिली गोळी कोण झाडतो?

हयात पोलीस अधिकाऱ्याच्या आयुष्यावर निघालेला मारधाडपट निव्वळ करमणूक म्हणून पाहावा, कारण खरे-खोटे ओळखण्याइतका प्रेक्षक सुजाण असतो, असा युक्तिवाद अशा चित्रपटांचे समर्थक नेहमी करतात. फिलिपिन्समधील अनुभव पाहता हा युक्तिवाद नुसता वरवरचा नाही, तर घातकही आहे. तेथे २००० साली रुडी फर्नांडेझ या लोकप्रिय नटाने ‘पिंग लॅक्सन: सुपर कॉप’मध्ये तत्कालीन पोलीसप्रमुख पॅनफिलो लॅक्सन यांची भूमिका केली आणि पुढच्याच वर्षी लॅक्सन सिनेटवर, म्हणजे संसदेच्या वरिष्ठ सभागृहावर, निवडून गेले. ३० जानेवारी २०१९ रोजी माजी पोलीसप्रमुख रोनाल्ड देला रोसा यांच्यावरील ‘बाटो’ प्रदर्शित झाला. त्यात रॉबिन पाडिला नायक होते आणि मे महिन्यात देला रोसाही सिनेटर झाले.

उमेदवाराचा चरित्रपट प्रचारकाळात जाहीरपणे दाखवण्यास तेथील २००१ च्या निवडणूक कायद्याने मनाई आहे, मात्र सिनेटचा प्रचारकाळ १२ फेब्रुवारीला सुरू होणार असल्याने हा चित्रपट त्या तरतुदीच्या कक्षेबाहेर राहिला. त्यामुळे पडद्याआडून प्रचार केल्याचा आक्षेप प्रथम सुचतो, पण तो फार ताणता येत नाही, कारण देला रोसा यांच्या पाठीशी राष्ट्राध्यक्ष रॉड्रिगो दुतेर्ते यांची अफाट लोकप्रियता होती आणि चित्रपटाने किती मते मिळवून दिली हे कोणालाही सिद्ध करता येणार नाही. मतांचा हिशेब बाजूला ठेवला की अधिक गंभीर प्रश्न समोर येतो: हा चित्रप्रकार कोणत्या हिंसेला न्याय्य ठरवतो?

या प्रश्नाचा सर्वांत भेदक विचार वाल्टर बेन्यामिन या जर्मन तत्त्वचिंतकाने १९२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या हिंसामीमांसेच्या निबंधात केला आहे. कायदा प्रस्थापित करणारी हिंसा, म्हणजे युद्धातील विजयाप्रमाणे जिच्या बळावर नवी सत्ता आणि तिचे नियम उभे राहतात ती, आणि कायदा राखणारी हिंसा, म्हणजे आधी ठरलेल्या नियमांच्या अंमलबजावणीपुरती वापरली जाणारी, असा भेद करून बेन्यामिन दाखवतो की पोलीस या संस्थेत हा भेदच पुसला जातो. पोलीस कायदा राखतो असे मानले जाते. प्रत्यक्षात जेथे कायद्याची स्थिती स्पष्ट नसते तेथे सुरक्षेच्या नावाखाली तो जागच्या जागी नियम करतो आणि तत्क्षणी अमलातही आणतो. निरंकुश राजेशाहीत ही हिंसा निदान राजाच्या एकवटलेल्या सत्तेचा भाग असते. लोकशाहीत तिला तसा आधार नसल्याने ती अधिक विकृत होते, हे त्याचे निरीक्षण तर आज मुळातून वाचण्याजोगे आहे.

पोलिसी चरित्रपट नेमकी हीच पुसलेली रेषा पुन्हा ठळक आखून देतो. त्यात पहिली गोळी बहुधा खलनायकच झाडतो, म्हणून नायकाची गोळी कायदा राखणारीच ठरते आणि चौकशीची गरजच उरत नाही. २०१६ पासूनच्या अमली पदार्थविरोधी मोहिमेत पोलीस अहवालांची रचनाही अशीच होती. दार ठोठावून संशयितांना शरण येण्याची विनवणी करण्याच्या ‘टोकहांग’ या मोहिमेचे श्रेय देला रोसा यांना दिले जाते. सरकारी आकड्यांनुसारच पोलीस कारवायांत ६,००० हून अधिक माणसे मारली गेली आणि संशयिताने प्रतिकार केला, ‘नानलाबान’, हे कारण अहवालांमागून अहवालांत नोंदले गेले. १६ ऑगस्ट २०१७ रोजी कालोओकान शहरात १७ वर्षांच्या शाळकरी मुलाला मारल्यानंतरही त्यानेच गोळीबार केल्याचे पोलिसांनी सांगितले. पण वस्तीतील सीसीटीव्हीत पोलीस एकाला धरून नेताना दिसले, उजवखुऱ्या मुलाच्या डाव्या हातात पिस्तूल सापडल्याचे कुटुंबीयांनी निदर्शनास आणले आणि नोव्हेंबर २०१८ मध्ये न्यायालयाने तिघा पोलिसांना खुनाबद्दल दोषी ठरवले. त्या घटनेच्या वेळी देला रोसाच पोलीसप्रमुख होते आणि निकालानंतर जेमतेम दोन महिन्यांनी त्यांची वीरगाथा पडद्यावर आली.

प्रेक्षक सुजाण असतो हे मान्यच आहे, परंतु निवाडा करायला त्याच्यासमोर दोन्ही बाजूंचा पुरावा असावा लागतो. कालोओकानच्या न्यायालयापुढे तो होता. मारधाडपटात मेलेल्याची बाजू मांडायला एकही पात्र नसते आणि प्रेक्षकाला निकालच तेवढा ऐकवला जातो.