आधी विचारा, मग खणा

महाड-पोलादपूरच्या डोंगरांत आज नैसर्गिक वायूसाठी कुणी खणत नाही. तरी सार्वजनिक जागेवर हक्क कुणाचा, हा वाद महाडला नवा नाही. 1923 मध्ये मुंबई विधिमंडळातल्या बोले ठरावाने सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले केले, 1924 मध्ये महाड नगरपालिकेनेही चवदार तळ्यासाठी तसा ठराव केला. पाण्याला मात्र कुणी हात लावू देईना. 20 मार्च 1927 रोजी डॉ. आंबेडकर तळ्यात उतरले, त्यानंतर सनातनी कोर्टात गेले. तळं खासगी, बंदी ही पूर्वापार वहिवाट, असा त्यांचा दावा! उच्च न्यायालयाने ही वहिवाट नाकारायला 1937 उजाडलं.

सार्वजनिक जागेचा असाच वाद आज ऑस्ट्रेलियातही आहे, तोही गॅसवरून. पिलिगाच्या सरकारी जंगलात सँटोस कंपनीला 850 पर्यंत गॅसविहिरी खणायच्या आहेत. तिथल्या मूळनिवासी गोमेरॉय लोकांचा विरोध आहे. 2022 मध्ये मूळनिवासींच्या जमीनहक्कांविषयीच्या न्यायाधिकरणाने कौल कंपनीला दिला. मार्च 2024 मध्ये फेडरल न्यायालयाने हवामानबदलाचा विचार व्हायला हवा होता, असं म्हणून तो फिरवला. मे 2025 मध्ये न्यायाधिकरण पुन्हा कंपनीच्याच बाजूला. निदान भांडायला दार तरी होतं.

आपल्याकडे जानेवारी 2020 च्या अधिसूचनेने तेल-वायूचं शोधकार्य 'बी-2' गटात टाकलं. म्हणजे परिणामांचा अहवाल नको, जनसुनावणी नको. कारण काय, तर अजून काही काढायचं नाही, फक्त बघायचंय. एप्रिल 2023 मध्ये कोकणातल्या बारसूच्या सड्यावर रिफायनरीसाठी यंत्रं आली, तीही 'फक्त माती परीक्षणा'ला, पोलीस बंदोबस्तात. नुसतं बघायला एवढे पोलीस कशाला लागतात? एकदा पैसा ओतला की पुढची सुनावणी म्हणजे लग्न लागल्यावर मुलीची पसंती विचारणं.

तुमची चूल गॅसवरच पेटते ना, असं विरोधकांना सुनावलं जातं. पेटते, माझीही. म्हणून शेजाऱ्याचं अंगण न विचारता खणायचा परवाना मला मिळत नाही.

रायगडातल्या कातकरी आदिवासींचं दुखणं त्याहून मूळचं. कित्येक वाड्या दुसऱ्याच्या मालकीच्या जागेत, सातबाऱ्यावर नाव नाही. मग बाधितांच्या यादीत ते येणार कुठून? 2006 च्या वनहक्क कायद्याने ग्रामसभेला जंगल राखायचा अधिकार दिला, तो वापरायचा असेल तर वनहक्काचे दावे निकाली निघायला हवेत.

शोधकार्य बी-2 मधून काढा. पहिलं भोक पाडण्याआधी ग्रामसभा बोलवा, आणि त्या सभेत सातबारा नसलेल्यांनाही बसवा. तिने 'नाही' म्हटलं, तर यंत्रं परत न्या.