समोरच्याची भीती

1980च्या दशकाच्या सुरुवातीला लंडनमधल्या सोव्हिएत हेरांना मॉस्कोहून एक काम लागलं. ब्रिटिश संरक्षण मंत्रालयाच्या किती खिडक्यांत रात्री उशिरापर्यंत दिवे जळतात, बाहेर किती गाड्या उभ्या असतात, ते मोजून कळवायचं. रक्ताचा भाव वाढतोय का, यावरही नजर ठेवायची. ब्रिटनमध्ये रक्तदानाचे पैसेच मिळत नाहीत, हे मॉस्कोतल्या वरिष्ठांना ठाऊक नव्हतं. पण धास्ती खरी होती. अमेरिका आणि तिचे मित्रदेश अचानक अणुहल्ला करतील आणि आपण गाफील सापडू, या भीतीने ते पछाडलेले होते.

हे बाहेर आलं ते ओलेग गोर्दिएव्स्कीमुळे. तो केजीबीच्या लंडन कचेरीत होता आणि गुपचूप ब्रिटिशांसाठी काम करत होता. त्याने सांगितलेली एक गोष्ट मला फार अस्वस्थ करते. असा हल्ला होईल, असं त्याच्या सहकाऱ्यांना मुळीच वाटत नव्हतं. पण वरून मागणी होती, म्हणून दिसेल ते कळवलं जायचं. त्या अहवालांनी वरच्यांची भीती आणखी पक्की व्हायची.

नोव्हेंबर 1983 मध्ये नाटोने 'एबल आर्चर' हा सराव केला. अण्वस्त्रं वापरण्याचा आदेश कसा द्यायचा, याची ती तालीम होती. त्याच महिन्यात पश्चिम जर्मनीत पर्शिंग-2 क्षेपणास्त्रं येऊ लागली. नाटोच्या लेखी ती सोव्हिएत एसएस-20 क्षेपणास्त्रांना दिलेलं उत्तर होती. मॉस्कोच्या लेखी मात्र शत्रू काही मिनिटांच्या अंतरावर येऊन ठेपला होता. दोन्हीकडचे लोक मनापासून म्हणत होते, आम्ही फक्त स्वतःचा बचाव करतोय.

या पेचाला जॉन हर्झ यांनी 1950 साली 'सुरक्षेचा पेच' हे नाव दिलं. एकाने स्वतःच्या रक्षणासाठी शस्त्र घेतलं की दुसऱ्याला ते आपल्यावरच रोखलेलं दिसतं. मग तोही शस्त्र घेतो आणि पहिल्याची शंका खरी ठरते. शेवटी दोघांची शस्त्रं वाढलेली असतात आणि दोघांचीही झोप उडालेली असते. हर्झ स्वतः हिटलरच्या राजवटीतून परागंदा झालेले ज्यू होते. खरा आक्रमक कसा असतो, हे त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. म्हणूनच त्यांचं म्हणणं मला भाबडं वाटत नाही. समोर खरोखरच हिटलर असू शकतो. पण प्रत्येक वेळी समोर हिटलरच आहे असं धरून चाललो, तर भ्यालेल्या शेजाऱ्यालाही आपणच शत्रू करून ठेवतो.

थोड्याच काळाने हर्बर्ट बटरफिल्ड या इंग्रज इतिहासकारानेही याच दुखण्यावर बोट ठेवलं. आपल्या मनात काळंबेरं नाही, हे आपल्याला आतून माहीत असतं. समोरच्याला आपलं मन दिसत नाही, फक्त आपली शस्त्रं दिसतात. आणि त्याला आपली भीती वाटत असेल, हेच आपल्या ध्यानात येत नाही.

1983च्या त्या नोव्हेंबरात सोव्हिएत लढाऊ विमानं सज्ज झाल्याच्या खबरा आल्या. युरोपातल्या अमेरिकी हवाई दलाच्या गुप्तवार्ता विभागाचे प्रमुख लेनर्ड पेरूट्स यांनी आपल्या बाजूची सज्जता वाढवू नये, असा सल्ला दिला. समोर किती घबराट आहे, याची त्यांना पुरती कल्पना नव्हती. तरी तो सल्ला मोलाचा ठरला, कारण साखळीतली पुढची कडी जोडलीच गेली नाही. हात आवरणं हेही संरक्षणाचंच काम आहे, असं मला ठामपणे वाटतं. त्यासाठी पदकं मात्र क्वचितच मिळतात.

सोव्हिएत नेते खरोखरच आपल्याला घाबरतात, हे अमेरिकेचे अध्यक्ष रेगन यांनाही उमजत गेलं. हल्ला करण्याचा आपला इरादा नाही हे त्यांना सांगायला हवं, अशा अर्थाची नोंद त्यांनी त्याच महिन्यात रोजनिशीत केली. पण नुसतं सांगून कोण ऐकतं? 1987 साली दोन्ही देशांत क्षेपणास्त्रं नष्ट करण्याचा करार झाला, त्यात म्हणूनच तपासणीची तरतूद होती. उरल भागातल्या वोत्किन्स्कच्या क्षेपणास्त्र कारखान्याच्या दाराशी अमेरिकी निरीक्षक वर्षानुवर्षं राहिले आणि सोव्हिएत निरीक्षक अमेरिकेत युटामधल्या मॅग्ना इथे. बाहेर पडणारा माल दोघे डोळ्यांनी पाहत होते. दोन्ही देशांनी मिळून 2,692 क्षेपणास्त्रं नष्ट केली. 2019 मध्ये तो करार संपला, याचं दुःख मला आजही आहे.

भारत आणि पाकिस्तान यांच्यात असा एक धागा अजून शाबूत आहे. एकमेकांच्या अणुकेंद्रांवर हल्ला न करण्याचा करार 1988 साली झाला आणि 1992पासून दर 1 जानेवारीला दोन्ही देश आपापल्या अणुकेंद्रांची यादी एकमेकांना देतात. एरवी एकमेकांच्या शब्दावर काडीचाही भरवसा नसलेली ही दोन सरकारं कारगिल युद्धानंतरच्या जानेवारीतही ही यादी द्यायला चुकली नाहीत.