उभ्याची नोकरी

चेन्नईच्या उत्तर टोकाला, कोसस्थलैयार नदी समुद्राला मिळते तिथे, एन्नोर आहे. बंदर, वीजकेंद्रे, खतकारखाना, आणि १९४८ साली स्थापन झालेल्या अशोक मोटर्सचा, म्हणजे आजच्या अशोक लेलँडचा, मूळ कारखाना. तिथून वीस-पंचवीस किलोमीटर दक्षिणेला टी. नगर. लग्नाच्या कांजीवरमसाठी चेन्नई गाठणाऱ्या मराठी घरांना शहराचा हाच भाग ठाऊक असतो. दोन्हीकडे माणसे दिवसभर उभ्याने काम करतात. पण कारखान्यातल्या कामगाराला बसायची सोय हवी, हे कायद्याने १९४८ सालीच मान्य केले. त्या वर्षीच्या कारखाने अधिनियमाचे कलम ४४ सांगत होते की, ज्यांना उभे राहून काम करावे लागते त्यांच्यासाठी योग्य बैठकव्यवस्था असावी, म्हणजे कामाच्या ओघात मिळणारी उसंत त्यांना घेता येईल. मद्रास प्रांताचा दुकाने व आस्थापना कायदा त्याहून एका वर्षाने थोरला, १९४७चा. कामाचे तास, आठवड्याची सुट्टी हे सारे त्यात होते. बसण्याबद्दल अवाक्षर नव्हते. बसण्याबद्दलचे कलम, २२-अ, घालण्याचे विधेयक विधानसभेत आले सप्टेंबर २०२१मध्ये, आणि त्याचे शब्द जवळजवळ १९४८चेच होते. एकाच शहरात एका खुर्चीला कारखान्यातून दुकानात पोहोचायला ७३ वर्षे लागली. ती का लागली याचा शोध घेतला, तर सेवाक्षेत्रात ‘विविधता, समता, समावेशन’ या नावाने आज जे काही चालते त्यातले कसदार काय आणि फोल काय, हे बऱ्यापैकी उलगडते.

पहिले उत्तर संघटनेचे. उत्तर मद्रास हा देशातल्या कामगार चळवळीचा जुना बालेकिल्ला. पेरांबूरच्या बकिंगहॅम आणि कर्नाटिक गिरण्यांच्या आधाराने १९१८ साली मद्रास लेबर युनियन उभी राहिली. १९२३ साली कामगार नेते सिंगारवेलर यांनी देशातला पहिला मे दिन याच शहराच्या समुद्रकिनाऱ्यावर साजरा केला. दुकानातला नोकर मात्र विखुरलेला, अनेकदा मालकाच्याच वसतिगृहात राहणारा, गावाकडच्या ओळखीने कामाला लागलेला. टी. नगरमधल्या रंगनाथन रस्त्यावरच्या अशा मुलामुलींचे जग वसंतबालन यांच्या ‘अंगाडी तेरू’ या २०१० सालच्या चित्रपटाने पडद्यावर आणले, तेव्हा शहराने ते प्रथमच पाहिल्यासारखे केले. पण संघटना नव्हती एवढ्याने सगळे उलगडत नाही. कारखान्यात माणूस उभा असतो तो यंत्राच्या सोयीसाठी. काम बसून होत असेल तर मालकाला त्याच्या बसण्याचे दुःख नसते. दुकानात, हॉटेलात, विमानात उभे राहणे हाच मालाचा भाग असतो. गिऱ्हाईक आत आले की कोणीतरी आपल्यासाठी ताटकळत आहे, ही जाणीव तिथे किमतीत धरलेली असते.

हे काही अनादी काळापासूनचे नाही. लक्ष्मी रोडवरच्या किंवा दादरच्या जुन्या साडीच्या दुकानांत पांढऱ्या चादरीच्या गादीवर विकणारा बसलेला असे आणि घेणारीही समोर बसे. घड्या उलगडत तासभर चाले, आणि त्यात कोणाचा अपमान होत नसे. विक्रेत्याने बसू नये हा दंडक काचेच्या शोरूमबरोबर आला. (जुन्या गादीवर बसणारे बहुतेक पुरुष होते आणि ठरावीक जातींचे होते, हेही लगेच म्हटले पाहिजे. त्या गादीचे गोडवे गाण्यात अर्थ नाही.)

खुर्चीची मागणी सुरुवातीला कायद्यात उतरली तेव्हा ती स्त्रियांपुरती होती. ब्रिटनमध्ये १८९९ साली दुकानातल्या दर तीन स्त्री-नोकरांमागे किमान एक आसन असावे असा कायदा झाला. स्त्रीचे शरीर नाजूक, तिला पुढे आई व्हायचे आहे, म्हणून ही सवलत. या दयेला दुसरी बाजू होती. जी नाजूक आहे तिला जपायचे, तर मग कामावर तरी कशाला ठेवायचे? पंजाब अबकारी कायद्याने १९१४ साली, जिथे मद्य प्यायले जाते अशा जागी स्त्रियांना नोकरीवर ठेवायला बंदी केली, आणि दिल्लीच्या हॉटेलांना ती एकविसाव्या शतकातही लागू होती. ती रद्द करणारा उच्च न्यायालयाचा निर्णय २००७ साली अनुज गर्ग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कायम केला; धोका असेल तर तो दूर करा, स्त्रीला दूर करू नका, असा त्या निकालाचा आशय. त्याआधी १९८१ साली एअर इंडियाच्या हवाई सुंदरींचा, नर्गिस मिर्झा यांच्या नावाने ओळखला जाणारा खटला झाला होता. पस्तिसाव्या वर्षी निवृत्ती, किंवा नोकरीच्या पहिल्या चार वर्षांत लग्न केले तर, किंवा पहिल्याच गरोदरपणात नोकरी संपली, असे नियम होते. गरोदरपणाचा नियम न्यायालयाने मनमानी ठरवून काढून टाकला. चार वर्षांच्या लग्नबंदीत मात्र त्याला गैर दिसले नाही. नियम लिहिणाऱ्याच्या मनातली सेवा देणारी बाई तरुण, अविवाहित आणि कायम उभी होती. वय, लग्न, मूल यांतले काही घडले की ती त्या चित्रात बसत नव्हती.

पुढचा टप्पा दार उघडण्याचा. कंपन्यांच्या वार्षिक अहवालांत आज जो दिसतो तो बव्हंशी हाच: किती टक्के स्त्रिया, किती अपंग, किती तृतीयपंथी. या मोजणीला सरसकट हसू नये. मोजल्याशिवाय गैरहजेरी दिसतच नाही. पण मोजणी कुठे तोकडी पडते ते २०१७ साली कोची मेट्रोने दाखवून दिले. मेट्रोने वीसेक तृतीयपंथी व्यक्तींना कामावर घेतले. देशभर कौतुक झाले. पहिल्या काही आठवड्यांतच त्यांच्यापैकी आठ जणांनी काम सोडले, मुख्यतः शहरात त्यांना कोणी भाड्याने घर देईना म्हणून. नेमणूकपत्र खरे होते, हेतूही चांगला होता. पाळी संपल्यावर हे माणूस कुठे जाईल, हा प्रश्न मात्र नेमणुकीच्या चौकटीत नव्हता.

माझे म्हणणे असे, की आपण ज्याला समावेशन म्हणतो त्याची खरी कसोटी आत कोण आले ही नाही. आत आलेल्यासाठी जागा कितपत बदलली, ही आहे. आणि ही कसोटी व्यवस्थापनशास्त्राने अलीकडे शोधून काढलेली नाही. कामगार कायद्यांच्या ‘आरोग्य’ आणि ‘कल्याण’ नावांच्या रटाळ प्रकरणांत ती कधीचीच पडून आहे: हातपाय धुण्याची जागा, स्वच्छतागृह, पाळणाघर, बसायला आसन. सेवाक्षेत्राने त्या प्रकरणांतले जेवढे गिऱ्हाइकाच्या नजरेत खुपेल तेवढे आपल्या दाराबाहेर ठेवले होते. ते आत आणायला कोझिकोडच्या बायका लागल्या. तिथल्या मिठाई तेरूवर शिवणकाम करणाऱ्या विजी यांनी उभ्या केलेल्या ‘पेणकूट्ट’ या संघटनेची पहिली लढाई खुर्चीची नव्हतीच. ती स्वच्छतागृहाची होती. दुकानात सोय नाही म्हणून सेल्सगर्ल दिवसभर पाणी पीत नसत, मग मूत्रमार्गाचे विकार. दहा-बारा तास उभे राहून पायांच्या शिरा फुगायच्या, पाठ धरायची. त्यातूनच पुढे बसण्याचा हक्क मागितला गेला. त्रिशूरला एका साड्यांच्या दुकानापुढे बायकांनी शंभराहून अधिक दिवस धरणे धरले. २०१८ साली केरळने कायद्यात दुरुस्ती केली, विजी यांचे नाव त्या वर्षीच्या बीबीसीच्या शंभर स्त्रियांच्या यादीत आले, आणि तीन वर्षांनी तमिळनाडू असा कायदा करणारे दुसरे राज्य झाले. महाराष्ट्राने दुकानांचा कायदा २०१७ साली नव्याने लिहिला तेव्हा भर होता रात्रपाळीवर: स्त्रीच्या संमतीने आणि सुरक्षिततेच्या अटींवर तिला रात्री साडेनऊनंतर काम करू देण्यावर. म्हणजे आपण दार उघडले. खुर्चीचे तेव्हा डोक्यात नव्हते.

यावर दुकानदारांचा आक्षेप ठरलेला आहे. नोकर बसलेला दिसला की गिऱ्हाईक बिथरते, त्याला वाटते हा बसून पगार खातो. आणि जागेचे भाडे पाहता स्टूल ठेवायचे कुठे? जागेचा मुद्दा फार गंभीरपणे घ्यावा असा नाही. जिथे पुतळ्यांना जागा सापडते तिथे स्टुलालाही सापडते. गिऱ्हाइकाचा मुद्दा वजनदार आहे, कारण ते खरोखर बिथरू शकते. पण गिऱ्हाईक शिकतेही. २०१५ साली पवईत ‘मिर्ची अँड माइम’ हे उपाहारगृह सुरू झाले. तिथे वाढणारे कर्णबधिर होते आणि मेनूत प्रत्येक पदार्थाशेजारी त्याची खूण छापलेली असे. ऑर्डर द्यायची तर ती खूण आपण करायची. मुंबईकरांनी हौसेने केली. जुळवून घेण्याचा भार थोडा टेबलाच्या पलीकडे सरकवला तरी धंदा बसत नाही, एवढे त्यावरून नक्की म्हणता येते. गिऱ्हाइकाची आवड ही हवामानासारखी गोष्ट नव्हे. दुकानांनीच ती घडवली आहे.

दुसरा आक्षेप मला अधिक विचारात पाडतो, कारण तो मित्रपक्षाकडून येतो. खुर्ची सगळ्यांना हवी असते, दमलेल्या पुरुषालाही. मग स्त्री, दलित, अपंग, तृतीयपंथी ही नावे घ्यायचीच कशाला? सर्वांसाठी एक चांगला कामगार कायदा करा, समावेशन आपोआप होईल. २२-अ हे कलम खरोखरच सर्व कर्मचाऱ्यांसाठी आहे, १८९९च्या कायद्यासारखे बायकांपुरते नाही, आणि ही मोठी प्रगती आहे. पण ‘आपोआप’ या शब्दाशी माझे जमत नाही. कलम ४४ही सर्वांसाठीच होते. मोटारींच्या आणि अवजड यंत्रांच्या कारखान्यांत कायम नोकरीवर मात्र पिढ्यान्‌पिढ्या पुरुषच राहिले, आणि कंत्राटी मजूर कागदावर त्याच कलमाखाली असूनही वर्षानुवर्षे वाऱ्यावर. सर्वांसाठीच्या सोयीने ज्याला आत घेतले गेले त्याचे जिणे सुसह्य होते. आत कोणाला घ्यायचे ते ती ठरवत नाही. शिवाय सोय नाही हे लक्षात कोणाच्या आले? ज्यांच्या पायांत तेवढेच दुखत होते त्या पुरुष सेल्समनांनी दशकानुदशके ब्र काढला नाही. स्वच्छतागृह नसले तरी उघड्यावर जाऊन निभावून नेणे त्यांना जमत होते. जिला ते शक्य नव्हते तिने प्रश्न मांडला, आणि उत्तर सर्वांना मिळाले. विविधतेच्या बाजूने माझ्या दृष्टीने सर्वांत भक्कम युक्तिवाद हाच. बाजारात नवनवीन कल्पना येतात वगैरे फायद्याचा युक्तिवाद त्यापुढे फिका आहे.

आता अडचण अंमलबजावणीची. कलम म्हणते, कामाच्या ओघात बसण्याची संधी मिळाली तर. ती मिळाली की नाही हे ठरवतो सुपरवायझर, आणि गर्दीच्या दिवशी ती रात्रीपर्यंत मिळत नाही. २१ नोव्हेंबर २०२५ रोजी चार श्रमसंहिता लागू झाल्या. त्यांपैकी सुरक्षा व आरोग्य संहितेच्या कलम २४ने कारखाना आणि दुकान दोहोंनाही एकाच ओळीत आणले आहे, तेही सहसा दहा किंवा अधिक कामगार असलेल्या जागेपुरते. त्याखालची छोटी दुकाने राज्याच्या कायद्यावर अवलंबून. आणि ज्यांना दुकानच नाही ते कोणाच्याच ओळीत नीट येत नाहीत. २०२५ साली चेन्नई महानगरपालिकेने घरोघर माल पोहोचवणाऱ्यांसाठी अण्णा नगरसारख्या भागांत वातानुकूलित विश्रांतिकक्ष उभारले: बसायला बाक, फोन चार्ज करायची सोय. ज्यांचे टी-शर्ट अंगात घालून ही मुले फिरतात त्या कंपन्या त्यांना नोकर मानत नाहीत, म्हणून बाकाचा खर्च शहराने उचलला. एन्नोर याच महानगरपालिकेच्या हद्दीत येते. तिथल्या डिलिव्हरी करणाऱ्याला कलम ४४ कधी लागू नव्हते, २२-अ लागू होईल असे दुकान त्याच्याकडे नाही, आणि दोन ऑर्डरींच्या मध्ये तो गाडीवरच टेकतो.